पेसारो ते चिनेचित्ता: इटलीतल्या नेपथ्यकाराचा मागोवा

रंगमंचावर समुद्र कसा आणावा याची लेखी कृती १६३८ साली प्रसिद्ध झाली. इटलीच्या पूर्व किनाऱ्यावरच्या पेसारो या गावात निकोला सब्बात्तिनी नावाचा एक स्थपती राहत होता. नाट्यगृहातले देखावे आणि यंत्रे कशी बांधावीत याविषयी त्याने लिहिलेले पुस्तक १६३७ मध्ये पेसारोला निघाले आणि त्याची वाढवलेली आवृत्ती पुढच्या वर्षी रावेन्नाला छापली गेली. त्यात समुद्राच्या एकाहून अधिक रीती दिल्या आहेत. एक रीत निळ्या रंगवलेल्या कापडाची. खालून दोऱ्या ओढल्या की कापडाला लाट येते. दुसरी, लाटांच्या आकारात कापलेल्या फळ्या आळीपाळीने वरखाली करण्याची. तिसरी सर्वांत देखणी. पीळ दिलेले लांबलचक दंडगोल एकामागे एक आडवे मांडायचे आणि टोकाशी बसवलेल्या दांड्याने सावकाश फिरवायचे. लाट उठली, पुढे सरकली आणि विरली, असा भास प्रेक्षकाला होतो. वादळ, आग, ढगांतून उतरणारे देव यांच्याही रीती त्याने तितक्याच निगुतीने नोंदवल्या आहेत. सब्बात्तिनी काही आपल्या काळाच्या पुढे नव्हता, उलट त्याची काही यंत्रे तेव्हाच जुनी ठरत चालली होती. पण सुतार, रंगारी आणि दोऱ्या ओढणारे गडी यांच्या हातात असलेले ज्ञान कागदावर उतरवण्याजोगे आहे, हे त्याने ओळखले. इटालियन सिनेमातल्या नेपथ्यकाराची वंशावळ शोधायला निघाल्यावर आपल्याला पहिला मुक्काम त्याच्या दारी करावा लागतो.

त्याच्याही मागे अर्धे शतक गेलो, तर आपण विचेन्झा शहरात येऊन पोहोचतो. आंद्रेआ पाल्लादिओने १५८० साली तिथे ‘तेआत्रो ओलिंपिको’ या नाट्यगृहाचा आराखडा केला आणि त्याच वर्षी त्याचे निधन झाले. उरलेले काम विन्चेन्झो स्कामोझीकडे आले. ३ मार्च १५८५ रोजी ‘राजा इडिपस’च्या प्रयोगाने नाट्यगृह उघडले, तेव्हा मंचाच्या कमानींआड स्कामोझीने लाकूड आणि गिलाव्यातून थीब्ज नगरीचे रस्ते उभे केले होते. रस्त्याची जमीन मागे चढत जाते, घरे आखूड होत जातात, आणि जेमतेम काही पावलांच्या खोलीत लांबच लांब नगर दिसते. ते रस्ते आजही जागेवर आहेत. मात्र हे नगर समोरून पाहणाऱ्यासाठीच आहे. नटाला मागच्या घराजवळ उभे केले, तर तो छपराइतका उंच दिसेल. नजर एका जागी खिळलेली असेल तोवरच हा भास टिकतो. पुढची सव्वातीनशे वर्षे इटलीतल्या नेपथ्यकलेचा पाया हाच होता, आणि तो कसा हलला हे पाहण्यासाठी आपल्याला थेट सिनेमाच्या आरंभापर्यंत यावे लागेल.

तत्पूर्वी काही माणसांना भेटणे अगत्याचे आहे. पेसारोच्या शेजारच्या फानो या गावी १६०८ साली जाकोमो तोरेल्लीचा जन्म झाला. १६४१ मध्ये व्हेनिसच्या ‘तेआत्रो नोव्हिस्सिमो’त त्याने असे यंत्र बसवले की पाहणारे थक्क झाले. मंचाच्या दोन्ही बाजूंच्या विंगा त्याने फटींतून खाली नेऊन तळघरातल्या गाड्यांवर बसवल्या, सगळ्या गाड्या दोरांनी एका मोठ्या रहाटाला जोडल्या आणि रहाटाला वजन टांगले. कळ सोडली की सगळे दृश्य एका दमात पालटे. पंधरा वर्षांच्या पोरालाही हे काम जमते, अशी त्या काळची नोंद आहे. पूर्वी प्रत्येक विंगेला एकेक माणूस लागत असे आणि देखावा तुकड्यातुकड्याने बदले. १६४५ साली फ्रान्सच्या राणीने त्याला पॅरिसला बोलावले. तिथे लोक त्याला ‘महाजादूगार’ म्हणू लागले. १६६० च्या सुमारास मात्र त्याची तिथली रंगयंत्रे गास्पारे व्हिगारानी या दुसऱ्या इटालियन कारागिराच्या ताब्यात गेली आणि त्याने ती नष्ट केली. नेपथ्यकाराच्या निर्मितीचे आयुष्य किती थोडे, याची या इतिहासातली ही पहिली ठळक नोंद. तोरेल्ली गावी परतला, फानोसाठी एक नाट्यगृह बांधले आणि १६७८ मध्ये तिथेच वारला.

सब्बात्तिनीचे पेसारो आणि तोरेल्लीचे फानो दोन्ही ‘मार्के’ प्रदेशात येतात. डोंगर आणि समुद्र यांमध्ये वसलेला हा प्रदेश शंभर नाट्यगृहांचा म्हणून ओळखला जातो. टेकडीटेकडीवरच्या लहानशा नगरालाही तिथे स्वतःचे नाट्यगृह हवे असे. नाट्यगृह आले की पडदे रंगवणारा, लाकूड कापणारा, यंत्राला वंगण घालणारा माणूस गावातच तयार होतो. माचेराता हे यातलेच एक नगर. तिथले नाट्यगृह १७७४ मध्ये सुरू झाले, ते अंतोनिओ गाल्ली बिबिएनाच्या आराखड्यावरून. बिबिएना हे बोलोन्याचे घराणे. अंतोनिओचे वडील फेर्दिनांदो यांनी १७११ साली छापलेल्या ग्रंथात नेपथ्याची कोनातून रचना करण्याची पद्धत मांडली होती. स्कामोझीचा रस्ता प्रेक्षकाच्या नाकासमोर सरळ मागे जाई. बिबिएनांनी राजवाड्याचा कोपराच प्रेक्षकाकडे वळवला, त्यामुळे दोन्ही बाजूंना दालने दृष्टीआड पसरत गेली आणि वास्तूला अंत उरला नाही. हाच अंतहीनपणा पुढे पिरानेसीने काल्पनिक तुरुंगांच्या कोरीव चित्रांत आणला. १७५० च्या सुमारास निघालेली आणि १७६१ मध्ये अधिक गडद करून पुन्हा छापलेली ती चित्रे म्हणजे जिन्यांवर जिने, कमानींआड कमानी आणि बाहेर पडायला वाट नाही. तरुणपणी पिरानेसीने रंगमंचाच्या देखाव्यांचे शिक्षण घेतले होते. ही चित्रे आपण लक्षात ठेवू, कारण दोनशे वर्षांनी ती एका चित्रपटात उभी राहणार आहेत.

आता तूरीन, १९१२. जोव्हान्नी पास्त्रोने या निर्माता-दिग्दर्शकाने कॅमेरा चाकांवर ठेवून सरकवण्याच्या गाडीचे पेटंट घेतले. १८ एप्रिल १९१४ रोजी त्याचा ‘काबिरिया’ प्रदर्शित झाला आणि कार्थेजमधले मोलोख देवाचे अक्राळविक्राळ मंदिर लोकांनी पाहिले. या चित्रपटाची भव्यता नेहमी वाखाणली जाते. माझ्या मते मात्र खरी क्रांती त्या चाकांत होती. कॅमेरा जागचा हलला की पडद्यावर रंगवलेल्या खांबाचे बिंग फुटते, कारण तो खांब एकाच जागेवरून खरा दिसतो. म्हणून पास्त्रोनेला खांब, पायऱ्या, भिंती प्रत्यक्ष बांधाव्या लागल्या, ज्यांच्याभोवती फिरता येईल अशा. विचेन्झाच्या रस्त्यांचा नियम इथे मोडला. नेपथ्यकार चित्रकारांच्या पंगतीतून उठून स्थपती आणि गवंडी यांच्या पंगतीत आला तो या क्षणी. मोलोखची ती प्रचंड मूर्ती आजही तूरीनच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात पाहायला मिळते. दोन वर्षांनी अमेरिकेत ग्रिफिथने ‘इन्टॉलरन्स’साठी बाबिलोन उभारले, त्यामागे ‘काबिरिया’ची प्रेरणा होती.

१९३५ मध्ये रोममधला ‘चिनेस’ कंपनीचा स्टुडिओ जळाला. त्यानंतर शहराच्या आग्नेयेला तुस्कोलाना रस्त्यावर नवी चित्रनगरी बांधायला घेतली गेली आणि २८ एप्रिल १९३७ रोजी मुसोलिनीच्या हस्ते ‘चिनेचित्ता’चे उद्घाटन झाले. हुकूमशाहीला सिनेमा हे शस्त्र म्हणून हवे होते. पण त्या आवारात जमलेले सुतार, प्लास्टरकाम करणारे, रंगारी आणि शिल्पी यांनी जी विद्या जोपासली, ती त्या राजवटीहून कितीतरी दीर्घायुषी ठरली. युद्धात स्टुडिओ लुटले गेले, त्यांवर बॉम्ब पडले, आणि पुढे काही वर्षे तिथे निर्वासितांची छावणी होती.

याच काळात नववास्तववाद जन्मला, आणि आपल्याकडे इटालियन सिनेमाची ओळख झाली ती त्याच्यामुळे. २४ जानेवारी १९५२ रोजी मुंबईत भारतातला पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव सुरू झाला. त्यात ‘बायसिकल थीव्हज’ दाखवला गेला आणि बिमल रॉय यांच्यासारखे दिग्दर्शक त्याने भारावले. पुढच्याच वर्षी त्यांचा ‘दो बिघा जमीन’ आला. तेव्हापासून इटालियन सिनेमा म्हणजे रस्ता, उन्हे आणि साधी माणसे, तिथे नेपथ्याला काय काम, असा एक समज आपल्याकडे रूढ आहे. तो अर्धाच खरा आहे. १९४५ च्या ‘रोम, ओपन सिटी’त रस्ते खरे आहेत, पण गेस्टापोचे कार्यालय, छळाची खोली आणि पाद्र्याची खोली मध्य रोममधल्या आविन्योनेसी गल्लीतल्या एका तात्पुरत्या स्टुडिओत बांधलेली आहे. ते काम रोझारिओ मेन्या यांचे. प्रेक्षकाच्या मनात घर करून राहिलेले या चित्रपटातले कित्येक प्रसंग त्या भिंतींआड घडतात, आणि त्या भिंती कुणीतरी रचल्या असतील अशी शंकाही कुणाला येत नाही.

१९५० च्या दशकात अमेरिकी कंपन्या स्वस्त मजुरी आणि कुशल हात यांच्या शोधात रोमला आल्या. ‘क्वो वादिस’, ‘बेन-हर’ आणि ‘क्लिओपात्रा’ यांच्या सेटवर चिनेचित्तातल्या कारागिरांची एक पिढी तयार झाली. या हातांना मोठ्या कल्पनेचे काम दिले ते व्हिस्कोन्ती आणि फेलिनी या दिग्दर्शकांनी. व्हिस्कोन्तीच्या १९५७ च्या ‘ले नोत्ती ब्यान्के’साठी मारिओ क्यारी आणि मारिओ गार्बुलिया यांनी लिव्होर्नो शहराचा कालव्यांचा भाग स्टुडिओत उभारला आणि धुक्यासाठी जाळीदार कापडाचे पडदे टांगले. गार्बुलिया पुढे व्हिस्कोन्तीचा उजवा हात झाले. १९६३ च्या ‘लेपर्ड’साठी त्यांनी सिसिलीतल्या चिमिन्ना गावात खऱ्या घरांच्या पुढ्यात राजवाड्याचा दर्शनी भाग बांधला. पिएरो गेरार्दी यांनी ‘ला दोल्चे व्हिता’साठी चिनेचित्तात व्हिया व्हेनेतो हा रस्ता रचला. खऱ्या रस्त्याला चढ आहे, तो त्यांनी सपाट केला. त्यानंतर रोमला जाणाऱ्या कित्येकांच्या मनात खरा ठरला तो गेरार्दींचा रस्ता. स्पेनच्या अल्मेरियात कार्लो सिमी यांनी सेर्जो लिओनेच्या पाश्चात्त्यपटांसाठी बांधलेले लाकडी गाव अजून उभे आहे.

सब्बात्तिनीचा समुद्र पुन्हा अवतरला तो दानिलो दोनाती यांच्या हातून. फेलिनीच्या ‘आमारकोर्द’मध्ये रात्री ‘रेक्स’ हे महाकाय जहाज ज्या समुद्रावरून जाते, तो प्लास्टिकचा आहे. १९७६ च्या ‘कासानोव्हा’त वादळात हेलकावणारे व्हेनिसचे खाजणही काळ्या प्लास्टिकचे आहे. दोनाती हे नेपथ्याबरोबर वेशभूषाही करत आणि ‘कासानोव्हा’च्या वेशभूषेला ऑस्कर मिळाले. खरा समुद्र गाडीने तासाभराच्या अंतरावर असताना फेलिनीला प्लास्टिक का लागले? कारण त्याला समुद्राची आठवण दाखवायची होती, आणि आठवणीतला समुद्र असाच जड, चकाकता आणि थोडा खोटा असतो. इथे नेपथ्य भास लपवत नाही, भास असल्याचे कबूल करते, आणि तरीही आपल्याला भरून येते. सतराव्या शतकातल्या प्रेक्षकालाही दंडगोल फिरताहेत हे ठाऊक होतेच.

आता आपण माचेरात्यात परतू. बिबिएनाच्या आराखड्यावरून नाट्यगृह उभारणाऱ्या या नगरात २६ फेब्रुवारी १९४३ रोजी नेपथ्यकार दान्ते फेरेत्तींचा जन्म झाला. मारिओ गार्बुलिया जवळच्याच चिवितानोव्हाचे. ‘द कन्फॉर्मिस्ट’, ‘डेथ इन व्हेनिस’ आणि ‘द लास्ट एम्परर’ यांचे विलक्षण नेपथ्यकार फेर्दिनांदो स्कार्फिओत्ती पोतेंझा पिचेनाचे. तिन्ही गावे माचेराता प्रांतातली. हा निव्वळ योगायोग असेल असे मला वाटत नाही. ज्या मुलखात नाट्यगृह हे विहिरीसारखे गावाचे नित्याचे अंग होते, तिथल्या मुलाला देखावे रचणे हा करण्याजोगा व्यवसाय वाटणे स्वाभाविक आहे. माचेरात्यात तर १८२९ साली चेंडूच्या खेळासाठी उघडलेले ‘स्फेरिस्तेरिओ’ हे भव्य प्रांगण १९२१ पासून ऑपेराचे रंगस्थळ झाले होते.

फेरेत्ती रोमला आले, ललितकला अकादमीत शिकले आणि लुइजी स्काच्चानोचे यांच्या हाताखाली उमेदवारी करू लागले. दिग्दर्शक पासोलिनीच्या १९६४ च्या ‘मॅथ्यूच्या शुभवर्तमाना’वर ते साहाय्यक होते. तिथे जेरुसलेम बांधायचे नव्हते, ते दक्षिण इटलीतल्या मातेरा गावच्या गुहाघरांत शोधायचे होते. १९६९ च्या ‘मेदेआ’पासून ते स्वतंत्रपणे नेपथ्य करू लागले. तुर्कस्तानातले कापादोकियाचे सुळके आणि पिसाचा चौक एकाच पुराणकथेत बसवण्याचे ते काम. पासोलिनीकडून ते निवड करायला शिकले. जगात आहे त्यातले काय घ्यायचे, किती उघडे ठेवायचे आणि कुठे हात लावायचा नाही, हे नेपथ्यकाराचे अर्धे शिक्षण असते. नोव्हेंबर १९७५ मध्ये पासोलिनीचा खून झाला.

उरलेले अर्धे शिक्षण फेलिनीकडे झाले. १९७८ च्या ‘प्रोव्हा दोर्केस्त्रा’पासून १९९० च्या ‘ला व्होचे देल्ला लूना’पर्यंत फेरेत्तींनी त्याचे पाच चित्रपट केले. सकाळी स्टुडिओकडे जाताना फेलिनी विचारी, काल रात्री स्वप्न काय पडले? काही पडलेले नसले की फेरेत्ती एखादे रचून सांगत, असे त्यांनीच मुलाखतींत सांगितले आहे. दररोज एक दृश्य मनातून काढून दाखवायचे, याहून चांगली तालीम कोणती? या काळाचा कळस म्हणजे १९८३ चा ‘ए ला नावे व्हा’. एका गायिकेची रक्षा समुद्रात विसर्जित करण्यासाठी १९१४ च्या जुलैत निघालेले जहाज, आणि त्याचा सगळा प्रवास चिनेचित्ताच्या आवारात. समुद्र प्लास्टिकचा, मावळता सूर्य रंगवलेला. एक प्रवासी स्त्री तो पाहून म्हणते की हा तर रंगवल्यासारखा दिसतो. शेवटी कॅमेरा मागे सरतो आणि फेलिनी सगळेच उघड करतो. जहाजाचा डेक यंत्राच्या दट्ट्यांवर डोलतो आहे, मजूर प्लास्टिक हलवताहेत, धूर सोडला जातो आहे. सब्बात्तिनी आणि तोरेल्ली यांना सिनेमाने वाहिलेली याहून मोठी मानवंदना मला माहीत नाही.

१९८६ च्या ‘द नेम ऑफ द रोझ’साठी फेरेत्तींनी रोमबाहेरच्या टेकडीवर मध्ययुगीन मठ बांधला. उम्बेर्तो एकोच्या कादंबरीतले चक्रव्यूहासारखे ग्रंथालय एकाच मजल्यावर पसरलेले आहे. पडद्यावर ते वर चढत जाते, जिन्यांतून जिने फुटतात आणि माणसे हाकेच्या अंतरावर असून भेटू शकत नाहीत. पिरानेसीचे तुरुंग ते हेच. कादंबरीचे काही निष्ठावंत या बदलावर नाराज होते. पण सपाट चक्रव्यूह कागदावर जितका भिववतो तितका कॅमेऱ्यासमोर भिववत नाही, फेरेत्तींचा निर्णय अचूक होता.

त्यानंतर मार्टिन स्कोर्सेसीने त्यांना हाक दिली. १९९३ चा ‘द एज ऑफ इनोसन्स’, मग ‘कसिनो’, मग ‘कुन्दुन’, ज्यासाठी मोरोक्कोच्या वाळवंटात तिबेटचे राजवाडे उभे राहिले. ‘गँग्ज ऑफ न्यूयॉर्क’साठी तर एकोणिसाव्या शतकातले न्यूयॉर्कच चिनेचित्तात बांधले गेले, फाइव्ह पॉइंट्सची दरिद्री वस्ती आणि जहाजांसकट बंदराचा धक्का. ते पाहायला आलेल्या जॉर्ज लुकसने, असे सेट आता संगणकावर होतात, असे स्कोर्सेसीला सांगितल्याचे म्हणतात. त्याचे म्हणणे तंत्रदृष्ट्या बरोबर होते. तरीही त्या चिखलात पाय रुतवून चालणाऱ्या नटांच्या देहबोलीत जो भार आहे, तो हिरव्या पडद्यापुढे आला असता असे मला वाटत नाही.

‘द एव्हिएटर’, ‘स्वीनी टॉड’ आणि ‘ह्यूगो’ या तीन चित्रपटांनी फेरेत्तींना ऑस्कर मिळवून दिले. तिन्ही वेळा त्यांच्या पत्नी फ्रांचेस्का लो स्कियावो त्या सन्मानाच्या भागीदार होत्या. भिंती फेरेत्तींच्या, तर त्यांतले दिवे, पडदे, खुर्च्या आणि टेबलावरची धूळ लो स्कियावोंची. तिसरे ऑस्कर २६ फेब्रुवारी २०१२ रोजी मिळाले, त्या दिवशी फेरेत्तींना एकोणसत्तर वर्षे पूर्ण झाली. ‘ह्यूगो’त त्यांनी जॉर्ज मेलिएसचा काचेचा स्टुडिओ पुन्हा बांधला. मेलिएस मुळात रंगमंचावरचा जादूगार. जमिनीतली चोरदारे आणि क्षणात पालटणारी दृश्ये त्याने सिनेमात आणली होती. तोरेल्लीने पॅरिसला नेलेली विद्या साडेतीन शतकांचा फेरा घेऊन अशी एका मार्केकराच्या हाती परत आली.

चिनेचित्ताच्या विस्तारासाठी अलीकडे युरोपीय संघाच्या पुनरुत्थान निधीतून सुमारे ३० कोटी युरोंची तरतूद झाली. तिथल्या अठरा क्रमांकाच्या स्टुडिओत आता एलईडीची प्रचंड भिंत आहे. कॅमेरा हलला की संवेदक त्याची जागा टिपतात आणि भिंतीवरचे दृश्य त्या जागेवरून खरे दिसेल असे क्षणोक्षणी नव्याने रेखाटले जाते. कॅमेऱ्याशेजारी उभ्या असलेल्या माणसाला तेच दृश्य वाकडे दिसते. पास्त्रोनेच्या चाकांनी स्कामोझीचा नियम मोडला होता, आता यंत्राने तो हलत्या डोळ्यालाही लागू केला आहे. या भिंतीपुढेही जमीन, पायऱ्या, दार आणि नटाचा हात जिथे टेकतो तो कठडा मात्र सुताराला करावाच लागतो.

ज्या वाचकांना हा मार्ग स्वतः चालून पाहायचा आहे त्यांनी ‘काबिरिया’, ‘ले नोत्ती ब्यान्के’, ‘ए ला नावे व्हा’ आणि ‘गँग्ज ऑफ न्यूयॉर्क’ हे चार चित्रपट याच क्रमाने पाहावेत, आणि प्रत्येकात नटांच्या चेहऱ्यांआधी त्यांच्या पायांखालची जमीन पाहावी.